समाजशास्त्राच्या पहिल्या वर्षासाठी पूरक वाचन निवडताना या चुका टाळा

अभ्यासपत्रिकेच्या शेवटी दहा-पंधरा संदर्भग्रंथांची यादी छापलेली असते. ती एफवायबीएच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर टाकली की पूरक वाचन देऊन झाले, असे बऱ्याच ठिकाणी धरले जाते. ही पहिली चूक, आणि पुढच्या अनेक चुका तिच्यातूनच येतात. ती यादी शिक्षकांसाठी आणि प्रश्नपत्रिका काढणाऱ्यांसाठी असते. विषयाचा आवाका कुठपर्यंत, एवढेच ती सांगते. मंगळवारच्या तासाला काय वाचून यायचे, हे तिच्यातून कुणालाच कळत नाही. म्हणून काम उलट्या टोकाने सुरू करा. कोणत्या तासाला, कोणत्या प्रश्नासाठी उतारा हवा, ते आधी एका वाक्यात लिहून काढा. ते वाक्य जमत नसेल तर त्या तासाला पूरक वाचनाची गरजच नाही, पाठ्यपुस्तक पुरे.

पानांचा हिशेब न करणे

दोन श्रेयांकांच्या पेपरला ३० तास मिळतात. चाचण्या, सादरीकरणे आणि बुडालेले तास वजा केले तर पाच, फार तर सहा उतारे नीट चर्चेला येतात. चार श्रेयांकांना आठ-नऊ. प्रत्येक उतारा आठ ते बारा पानांचा असावा. इंग्रजीतला असेल तर त्याच्या निम्मा. अंदाजावर जायचे नसेल तर वर्गातल्या तिघांना दोन पाने घड्याळ लावून वाचायला द्या आणि सर्वांत सावकाश वाचणाऱ्याचा वेळ धरा. पंचवीस उताऱ्यांची यादी दिसायला भारदस्त असते, पण त्यातले कोणते खरोखर वाचायचे हे मुले स्वतःच ठरवतात, आणि ती बहुधा सर्वांत पातळ झेरॉक्स उचलतात.

आख्खा लेख पहिल्या पानापासून लावणे

पुस्तक लावू नये हे सगळ्यांना मान्य असते, पण लेख मात्र जसाच्या तसा लावला जातो. डॉ. आंबेडकरांचा भारतातील जातींवरचा निबंध घ्या. ९ मे १९१६ रोजी कोलंबिया विद्यापीठात गोल्डनवायझर यांच्या मानवशास्त्राच्या चर्चासत्रात तो वाचला गेला आणि पुढच्या वर्षी ‘इंडियन अँटिक्वेरी’त छापून आला. सुरुवातीला सेनार, नेसफील्ड, रिस्ले आणि केतकर या अभ्यासकांनी केलेल्या जातीच्या व्याख्यांची चिकित्सा आहे. पहिल्या वर्षाच्या विद्यार्थ्याला यांतले एकही नाव ओळखीचे नसते. तो तिसऱ्या पानावर थांबतो आणि निबंधाचा गाभा वाचायचा राहून जातो. तो गाभा असा: जात टिकते ती जातीतल्या जातीत लग्न करण्याच्या नियमामुळे. हा नियम पाळायचा तर जातीत लग्नाच्या वयाच्या स्त्री-पुरुषांची संख्या जुळलेली राहायला हवी. जोडीदार मेल्यावर मागे उरलेली बाई किंवा पुरुष हे संतुलन बिघडवतात. सती, सक्तीचे वैधव्य आणि बालविवाह यांची संगती आंबेडकर इथून लावतात. उतारा या ‘जादा’ स्त्री-पुरुषाच्या युक्तिवादापासून सुरू करा आणि आधीच्या व्याख्या फळ्यावर दहा मिनिटांत उरका. शेवटी अनुकरणाने जाती कशा पसरल्या हा भाग येतो. तो वेगळा काढून समाजशास्त्रज्ञ एम. एन. श्रीनिवास यांची संस्कृतीकरणाची (खालच्या मानलेल्या जातींनी वरच्या जातींच्या चालीरीती उचलण्याची) संकल्पना येईल त्या तासाला द्या. ही संकल्पना मांडणारे श्रीनिवास यांचे कूर्गवरचे पुस्तक १९५२ चे, म्हणजे या निबंधानंतर ३६ वर्षांनी आलेले, हे विद्यार्थ्यांनी स्वतः मोजू द्यावे.

ओळखीचा विषय म्हणजे सोपा उतारा, असे समजणे

इरावती कर्वे यांचा पंढरीच्या वारीवरचा ‘वाटचाल’ हा लेख अनेक जण आषाढीच्या आठवड्यात लावतात. जून-जुलैत सत्र सुरू होते, त्यामुळे वेळही जुळते. पण वारी माहीत असलेली मुले तो भक्तिपर लेख म्हणून वाचतात आणि ‘वारीत सगळे समान असतात’ असे उत्तर लिहून मोकळी होतात. लेख तेवढेच सांगत नाही. एकाच दिंडीत बरोबर चालणारे ब्राह्मण आणि मराठा वारकरी जेवायला वेगळे बसतात, हे इरावतीबाई टिपतात आणि त्याचा सल लपवत नाहीत. म्हणून उताऱ्यावर आधीच दोन प्रश्न लिहून द्या: ‘बरोबर चालणे आणि बरोबर जेवणे यांत लेखिकेला कोणता फरक दिसला?’ आणि ‘लेखिका दिंडीत राहून पाहत होत्या, यामुळे त्यांना काय दिसले आणि काय दिसणे अवघड होते?’ दुसऱ्या प्रश्नात सहभागी निरीक्षण, म्हणजे लोकांत मिसळून केलेला अभ्यास, आपोआप येते, त्यासाठी वेगळी टीप लिहून द्यावी लागत नाही. या लेखाचे इंग्रजी भाषांतर १९६२ साली ‘जर्नल ऑफ एशियन स्टडीज’मध्ये आले. मिश्र माध्यमाच्या वर्गात दोन्ही आवृत्त्या देता येतात, ही मोठी सोय आहे. असे उतारे फार नाहीत.

परक्या उताऱ्यात अडचण उलटी असते. होरेस मायनर यांचा नासिरेमा जमातीवरचा १९५६ चा लेख जगभर पहिल्या तासाला वाचला जातो. तो अमेरिकी लोकांविषयीच आहे हे रोमन लिपीत नाव उलटे वाचले तर कळते, देवनागरीत कळत नाही. शिवाय लेखात ज्याचे वर्णन येते ते न्हाणीघरातले औषधांचे कपाट आपल्याकडे घरोघरी नसते. तो घरी वाचायला देऊ नका. वर्गात वीस मिनिटे मोठ्याने वाचा, गुपित फोडा, आणि मग नव्या गाडीची पूजा किंवा हळदी-कुंकू यांचे परक्या माणसाच्या नजरेतून एक पान वर्णन लिहून घ्या. लेखाचे खरे काम त्या पानात होते.

जुने वर्णन आजचे म्हणून वाचणे

बलुतेदारीसाठी त्रिंबक नारायण आत्रे यांच्या ‘गावगाड्या’ला अजून तोड नाही. पण पुस्तक १९१५ चे, लेखक महसूल खात्यात वावरलेले. भटक्या लोकांवरच्या प्रकरणात त्या खात्याची नजर आणि काही जमातींना जन्मतःच गुन्हेगार ठरवणारा त्या काळचा गुन्हेगार जमाती कायदा दोन्ही डोकावतात. हा कायदा १८७१ चा, तो रद्द झाला १९५२ साली. उताऱ्याच्या माथ्यावर वर्ष, लेखकाचे काम आणि त्यावेळचा कायदा अशा तीन ओळी नसतील तर परीक्षेत ‘महाराष्ट्रातील खेड्यांत बारा बलुतेदार असतात’ असे वर्तमानकाळातले वाक्य येणारच. बलुत्यांचा भाग आणि भटक्यांचा भाग शेजारी ठेवून वाचायला लावले तर लेखक कुणाकडे आतून पाहतो आणि कुणाकडे बाहेरून, हेही मुलांना दिसते.

एकच बाजू देणे

स्तरीकरणावर, म्हणजे समाजातल्या वरच्या-खालच्या थरांवर, डेव्हिस आणि मूर या समाजशास्त्रज्ञांचा १९४५ चा लेख एकटा दिला तर विषमता गरजेचीच असते असा समज घेऊन मुले बाहेर पडतात. त्याला १९५३ चे ट्युमिन यांचे उत्तर जोडा, प्रत्येकी तीन पाने पुरतात. त्यातला हा एक आक्षेप पकडा: वरच्या जागांवर जाण्याची संधीच सर्वांना सारखी नसेल, तर कुणाच्या अंगी किती गुण आहेत हे समाजाला कळणार कसे?

आत्मकथनांचा बेफिकीर वापर

दलित आणि भटक्या-विमुक्त लेखकांची आत्मकथने मराठीत विपुल आहेत आणि समाजशास्त्राच्या वर्गाला ती फार उपयोगाची आहेत. चूक होते ती हाताळण्यात. एका माणसाचे आयुष्य म्हणजे त्या जातीची सरासरी, असा अर्थ लावला जातो. किंवा शिक्षक त्या समाजातल्या विद्यार्थ्याकडे वळून ‘तुमच्याकडे असेच असते का?’ विचारतात. हे कधीही करू नये. ते मूल पुढच्या तासाला येत नाही, आणि आले तरी बोलत नाही. चार-पाच पानांचा प्रसंग निवडा, पण केवळ अत्याचाराचा नको. शाळा, शहरातली खोली, नोकरीचा पहिला दिवस असे प्रसंग संस्थांविषयी जास्त शिकवतात. प्रश्नही संस्थेविषयी विचारा: या प्रसंगात कोणता नियम काम करतो आहे, तो मोडणाऱ्याला शिक्षा कोण करतो? उताऱ्यात हिंसा असेल तर आदल्या तासाला तसे सांगून ठेवा.

आकडे उताऱ्यासारखे न वाचणे

एक तक्ताही पूरक वाचन असू शकतो, पण तळटिपांसकट. २०११ च्या जनगणनेत भारतात दर हजार पुरुषांमागे ९४३ स्त्रिया, तर २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात १०२०. हे दोन आकडे एका आलेखात ठेवून ‘प्रमाण सुधारले’ असा निष्कर्ष हमखास निघतो. जनगणना सगळी लोकसंख्या मोजते. सर्वेक्षणाचा आकडा नमुन्यातल्या घरांत आदल्या रात्री मुक्कामी असलेल्यांचा आहे. वसतिगृहे, लष्करी छावण्या आणि कामासाठी बाहेर राहणारे पुरुष त्यातून सुटतात. त्याच सर्वेक्षणात जन्माच्या वेळचे प्रमाण ९२९ आहे. महाराष्ट्राचे २०११ च्या जनगणनेतले एकूण प्रमाणही ९२९, तेव्हा दोन्हींची गल्लत होणार हे धरूनच चाला. अर्धा तास या एका तक्त्यावर घालवला तरी तो फुकट जात नाही.

फाइल उघडतच नाही

उतारा उत्तम, पण फाइल वाकडी स्कॅन केलेली, एका पानात पुस्तकाची दोन पाने. मोबाइलवर ती वाचणे अशक्य. ३०० डीपीआयवर एकेक पान सरळ स्कॅन करा. निव्वळ चित्र असलेली पीडीएफ अंध विद्यार्थ्याच्या स्क्रीन रीडरला वाचता येत नाही, आणि जुन्या डीटीपी फॉन्टमधला मजकूर तो भलताच वाचतो. पाने गूगल ड्राइव्हवर चढवून गूगल डॉक्समध्ये उघडली की युनिकोड मजकूर मिळतो. जोडाक्षरे आणि अनुस्वार तेवढे हाताने तपासावे लागतात.

झेरॉक्सच्या कायदेशीरपणाची भीतीही विनाकारण बाळगली जाते. १९५७ च्या कॉपीराइट कायद्याचे कलम ५२ शिकवण्याच्या ओघात केलेल्या प्रतींना सूट देते, आणि दिल्ली विद्यापीठातल्या झेरॉक्स दुकानाच्या खटल्यात दिल्ली उच्च न्यायालयाने २०१६ साली त्याच बाजूने निकाल दिला. पण ही सूट शिकवण्यापुरती आहे. तीच फाइल सगळ्यांना खुल्या टेलिग्राम चॅनेलवर टाकणे तिच्यात बसेल असे समजू नका.

तरीही वर्ग वाचून येत नसेल तर

कारण शोधायला एक साधी चाचणी आहे. तासाच्या सुरुवातीला पाच मिनिटांत एकच प्रश्न लिहून घ्या, ज्याचे उत्तर उताऱ्याच्या मधल्या पानावर आहे. बहुतेक कागद कोरे आले तर उतारा पोचलेला नाही किंवा फार लांब आहे. उत्तर पहिल्या पानावरून दिलेले असेल तर सुरुवात अवघड आहे, कापायची जागा बदला. उत्तर बरोबर पण सगळ्यांचे शब्द सारखेच असतील तर गाइड किंवा यूट्यूबवरून आलेले आहे, अशा वेळी प्रश्न बदला, उतारा राहू द्या. आणि लिहिलेले बरोबर असूनही चर्चेत कुणी तोंड उघडत नसेल, तर अंतर्गत मूल्यमापनातले पाच गुण या कागदांना द्या आणि चर्चा चार-चार जणांच्या गटात करा.