गॉर्डन क्रेगचे स्क्रीन पुठ्ठ्यात बांधताना

इंग्रज नेपथ्यकार आणि दिग्दर्शक एडवर्ड गॉर्डन क्रेग समजून घ्यायचाय? मग त्याचे लेख नंतर वाचा. लिहायला बसला की हा गृहस्थ नटाला रजा देऊन रंगमंचावर महाबाहुली आणायला निघतो, आणि आपण तिथेच भांडत बसतो. मी हौशी नाटकांचं नेपथ्य करते. माझ्या हाताखाली येणाऱ्या मुलांना आधी पुठ्ठा कापायला लावते.

पूर्वपीठिका थोडक्यात. जन्म १८७२ चा. आई एलेन टेरी, लंडनची लाडकी नटी, वडील वास्तुविशारद. नटश्रेष्ठ हेन्री आयर्विंगच्या लायसियम या लंडनच्या थिएटरात नट म्हणून घडला आणि तेच सोडून दिलं. १९०० साली बहुतांशी हौशी मंडळींना घेऊन पर्सेलचा ‘डायडो अँड ईनिअस’ हा ऑपेरा बसवला, तेव्हा तळदिवे, म्हणजे रंगमंचाच्या पुढच्या कडेचे खालून उजेड टाकणारे दिवे, काढून टाकून प्रकाश वरून सोडला. १९०४ मध्ये इंग्लंड सोडलं. घडीच्या स्क्रीनचं, म्हणजे बिजागऱ्यांनी जोडलेल्या उंच पट्ट्यांच्या सरकत्या आडोशांचं, पेटंट १९१० चं.

आता याच स्क्रीनची छोटी प्रतिकृती करायच्या कामाला लागा. प्रमाण १:२५ धरा, म्हणजे साडेपाच मीटरचा स्क्रीन २२ सेंटिमीटरचा होतो आणि माणूस सातचा. जाड माउंट बोर्डाच्या पट्ट्या कापा: उंची सगळ्यांची एकच, रुंदी मात्र कमीजास्त. रंगवू नका. साधा फिका पुठ्ठाच हवा, कारण रंग द्यायचं काम दिव्याचं आहे.

बिजागरीत खरी मेख आहे. घडी दोन्ही बाजूंना पडली पाहिजे, नाहीतर तुम्ही दवाखान्यातला आडोसा बनवाल. कापडी फीत वर पहिल्या पट्टीच्या पुढून दुसरीच्या मागे चिकटवा, मध्ये उलट, खाली पुन्हा वरच्यासारखी. चार पट्ट्यांचा एक, असे निदान तीन स्क्रीन करा.

एक स्क्रीन सरळ उलगडून उभा करा. पडेल. नागमोडी केला की टिकेल. मॉस्को आर्ट थिएटरच्या ‘हॅम्लेट’मध्ये (प्रयोग जानेवारी १९१२ चा, जुन्या रशियन पंचांगाने डिसेंबर १९११) हेच दुखणं होतं. प्रेक्षकांसमोर, पडदा न पाडता स्क्रीन सरकावेत ही क्रेगची इच्छा. त्या थिएटरचे दिग्दर्शक स्तानिस्लाव्स्की लिहितात की पहिल्या प्रयोगाच्या थोडं आधी स्क्रीन कोसळले, मग प्रवेशांमध्ये पडदा पाडावा लागला. क्रेगला ही हकिकत मान्य नव्हती. पुठ्ठा हाताळल्यावर मी तरी स्तानिस्लाव्स्कींच्या बाजूची झाले.

खोलीत अंधार करा, मोबाइलचा टॉर्च वरून धरा आणि एक स्क्रीन हळूच फिरवा. भिंतीचा बोळ होतो, बोळाचा दरबार. आयरिश कवी येट्सला क्रेगने अशीच छोटी प्रतिकृती दिली होती. तो तिच्यावर प्रवेश लावून बघायचा, आणि १९११ मध्ये डब्लिनच्या अ‍ॅबी थिएटरात स्क्रीन खरोखर उभे राहिले.

शेवटी दरबाराचा प्रवेश लावा. मिठाईच्या खोक्यातला सोनेरी कागद मागच्या उंच आसनावरून उतरता पसरा, त्याला भोकं पाडा आणि दरबाऱ्यांची फक्त डोकी वर काढा. मॉस्कोत राजाचा सोनेरी झगा असाच रंगमंचभर पसरला होता. हॅम्लेटची आकृती काळी करून पुढच्या अंधारात ठेवा. टॉर्च फक्त सोन्यावर.