देणगीदार व्यापाऱ्याचे चरित्र कसे लिहावे: गार्डनर कोल्बी यांच्या निमित्ताने

महाविद्यालयाला मोठी देणगी देणाऱ्या व्यापाऱ्याचे चरित्र लिहायला घेतले की बालपणीच्या हलाखीपासून सुरुवात करून दातृत्वाच्या गौरवापाशी थांबण्याचा मोह होतो. अमेरिकेतील बोस्टनचे व्यापारी आणि बॅप्टिस्ट या प्रोटेस्टंट ख्रिस्ती पंथाचे अनुयायी गार्डनर कोल्बी (१८१०–१८७९) यांच्या बाबतीत हा साचा आयताच हाती येतो, कारण अमेरिका आणि ब्रिटन यांच्यातील १८१२ च्या युद्धात वडिलांचा व्यवसाय बुडाला आणि आईने लहानसे दुकान चालवून संसार सावरला. तरीही लेखनाची तयारी जन्मापासून न करता देणगीपासून करावी आणि तिथून मागे जावे, असे मी सुचवीन.

देणगीची रक्कम वाचण्याआधी तिच्या अटी वाचाव्यात. १८६४ मध्ये कोल्बी यांनी मेन राज्यातील वॉटरव्हिल कॉलेजला ५०,००० डॉलर देऊ केले, ते महाविद्यालयाने स्वतः आणखी १,००,००० डॉलर उभे करावेत या अटीवर. त्याचबरोबर अध्यक्ष आणि बहुसंख्य प्राध्यापक बॅप्टिस्ट मंडळ्यांचे सभासद असावेत, अशीही अट होती. पहिल्या अटीत व्यापारी दिसतो: एकट्याने भार उचलण्यापेक्षा इतरांचे पैसे बाहेर काढायला लावणारा. दुसरीत धर्मनिष्ठ माणूस दिसतो. स्वभाववर्णनाची चार पाने लिहूनही या माणसाविषयी याहून अधिक काही सांगता येईल असे मला वाटत नाही.

रक्कम आजच्या चलनात बदलून सांगण्याचा प्रघात शक्यतो टाळावा. १८६४ साली अमेरिकेत यादवी युद्ध चालू होते, कागदी डॉलर सोन्यात बदलून मिळत नव्हता, आणि त्या वर्षीच्या उन्हाळ्यात सोन्याचा एक डॉलर घेण्यासाठी दोनाहून अधिक कागदी डॉलर मोजावे लागत होते. म्हणजे १८५० च्या दशकातले ५०,००० आणि हे ५०,००० एकच नव्हेत. त्याऐवजी ही रक्कम महाविद्यालयाला जमवायच्या रकमेच्या निम्मी होती एवढे सांगितले, तरी वाचकाला तिचे वजन कळते.

पैसा आला कुठून, हे मात्र सविस्तर द्यावे. कोल्बी यांनी बोस्टनमध्ये किरकोळ कापडविक्रीपासून सुरुवात केली, पुढे ते आयातीत आणि लोकरी कापडाच्या उत्पादनात शिरले, आणि यादवी युद्धात उत्तरेच्या सैन्याला लागणाऱ्या लोकरी कापडाच्या मागणीचा या धंद्याला लाभ झाला. त्याच युद्धाने वॉटरव्हिलचे वर्ग रिकामे केले होते, कारण विद्यार्थी सैन्यात भरती झाले होते. या दोन गोष्टी वेगवेगळ्या प्रकरणांत न टाकता शेजारी ठेवाव्यात. त्यावर टीका किंवा समर्थन करण्याची घाई करू नये.

आख्यायिका गाळू नये, पण आख्यायिका म्हणूनच सांगावी. महाविद्यालयाचे पहिले अध्यक्ष जेरेमाया चॅप्लिन देणगी मागायला गेले असता त्यांना नकार मिळाला आणि त्यांनी कळवळून देवाकडे वॉटरव्हिल कॉलेजसाठी धावा केला. ही हकीकत कानावर आल्यानंतर कोल्बी यांचे मन द्रवले, असे सांगतात. चॅप्लिन यांनी कोल्बी यांच्या आईला पडत्या काळात हात दिला होता, या बाजूकडेही लक्ष वेधावे. ऋण आणि श्रद्धा यांपैकी नेमके कारण निवडून देण्याची जबाबदारी चरित्रकाराने अंगावर घेऊ नये.

स्थळे आणि नावे यांत चुका फार होतात. कोल्बी यांचा जन्म आजच्या मेन राज्यातील बोडनमचा. पण १८२० पर्यंत मेन हा मॅसॅच्युसेट्सचाच भाग होता, म्हणून १८१३ ची महाविद्यालयाची सनदही मॅसॅच्युसेट्सच्या विधिमंडळाची आहे. संस्थेला वॉटरव्हिल कॉलेज हे नाव १८२१ मध्ये मिळाले, कोल्बी युनिव्हर्सिटी हे १८६७ मध्ये आणि कोल्बी कॉलेज हे १८९९ मध्ये. ज्या सालाविषयी लिहीत असाल, त्या सालचेच नाव वापरावे.

तुलनेसाठी ऱ्होड आयलंड राज्यातील प्रॉव्हिडन्सचे निकोलस ब्राऊन धाकटे घ्यावेत. तेथील महाविद्यालयाने (आजचे ब्राऊन विद्यापीठ) ५,००० डॉलर देणाऱ्यास संस्थेला नाव देण्याचा हक्क आधीच जाहीर केला होता, आणि १८०४ मध्ये ब्राऊन यांनी तेवढीच रक्कम दिली. तिथे अट संस्थेने घातली होती, वॉटरव्हिलमध्ये ती देणाऱ्याने घातली.