ओल्ड गार्ड रंगवायचंय? निळ्या रंगाची बाटली उघडण्याआधी साल ठरवा

नेपोलियनच्या इम्पीरियल गार्डच्या, म्हणजे त्याच्या खास फौजेच्या, छोट्या पुतळ्यांचा डबा घरी आला की लोक मला पहिला प्रश्न विचारतात, निळा कुठला घेऊ? माझं उत्तर ठरलेलं आहे. निळ्याचं मागाहून बघू, आधी साल सांगा, मग रेजिमेंट सांगा, आणि शिपाई परेडवर उभा आहे की मोहिमेवर आहे ते सांगा. या तीन गोष्टी कागदावर लिहिल्या की अर्धं काम झालं. एकच ग्रेनेडियर (गार्डच्या पायदळातला एक प्रकारचा शिपाई) १८०५ साली ऑस्टरलिट्झला वेगळा दिसतो आणि १८१५ साली वॉटर्लूला वेगळा.

मी पोटापाण्यासाठी शिवणकाम करते, त्यामुळे गणवेश बघताना माझी नजर रंगाआधी बेतावर जाते. लॅपेल, म्हणजे कोटाची छातीवर उलटवलेली पट्टी, कसा कापलाय, कफ सरळ आहे की टोकदार, मगजी कुठे फिरवलीय. गार्डच्या बाबतीत ही सवय फार उपयोगी पडते, कारण तिथला फरक रंगात कमी आणि कापात जास्त आहे.

रचना थोडक्यात डोक्यात ठेवा. १७९९ मध्ये सत्ता हाती आल्यावर नेपोलियनने कॉन्सलांची गार्ड उभी केली आणि १८०४ मध्ये साम्राज्य जाहीर झाल्यावर तीच इम्पीरियल गार्ड झाली. पायदळ, घोडदळ, तोफखाना, शिवाय खलाशांची तुकडीसुद्धा, असं ते स्वतःपुरतं पूर्ण सैन्य होतं. चार मार्शल चार अंगांवर नेमले होते: पायदळाच्या ग्रेनेडियरवर दाव्हू, शासरवर (पायदळाचाच दुसरा प्रकार) सुल्त, घोडदळावर बेसिएर, तोफखाना आणि खलाशांवर मोर्तिए. सुरुवातीला काही हजारांची ही फौज १८१२ पर्यंत पन्नास हजारांच्या वर गेली आणि १८१४ मध्ये कागदोपत्री लाखावर पोचली. वाढता वाढता तिचे तीन थर पडले. जुन्या, मुरलेल्या शिपायांची ओल्ड गार्ड. १८०६ पासून उभ्या राहिलेल्या फ्युझिलियर रेजिमेंटांची मिडल गार्ड. आणि १८०९ पासून भरती झालेल्या तिरायर आणि व्होल्तिजर (दोन्ही हलकं पायदळ) पोरांची यंग गार्ड. ओल्ड गार्डमध्ये शिरायला वर्षानुवर्षांची नोकरी आणि लढायांचा अनुभव लागायचा. म्हणून चेहरे रंगवताना वीस वर्षांचे गुलाबी गाल नकोत. उन्हाने रापलेली कातडी, मिशा, मानेवर बांधलेली शेंडी आणि कानात सोन्याची बाळी. ही बाळी ब्रशच्या टोकाने दिलेला एक ठिपका असते, पण तिच्यामुळे चेहरा एकदम जिवंत होतो.

पहिल्यांदाच करत असाल तर ओल्ड गार्डची एक बटालियन घ्या. १८१२ च्या सुमारास रेजिमेंटमध्ये २ बटालियन आणि बटालियनमध्ये ४ कंपन्या असत. २८ मिलिमीटरचे २४ पुतळे घेतले तर कंपनीला ६ येतात, मांडणी सुटसुटीत होते.

आता मुख्य प्रश्न: ग्रेनेडियर की शासर? दोघांचे कोट गडद निळे, लॅपेल पांढरे, मागची उलटवलेली टोकं लाल, आतला जाकीट आणि ब्रीचेस (गुडघ्यापर्यंतच्या तंग विजारी) पांढऱ्या. दोघांच्या डोक्यावर अस्वलाच्या कातड्याची उंच टोपी. लांबून सारखेच वाटतात. जवळ घ्या. ग्रेनेडियरच्या टोपीवर पुढे पितळी पत्रा आहे, त्यावर मुकुटधारी गरुड. शासरच्या टोपीवर पत्रा नाही, नुसती फर. ग्रेनेडियरचा तुरा पूर्ण लाल, शासरचा हिरवा आणि फक्त टोकाला लाल. ग्रेनेडियरच्या खांद्यावरच्या एपोलेट (झालरीच्या पट्ट्या) पूर्ण लाल, शासरच्या हिरव्या आणि झालर लाल.

आणि माझी आवडती जागा म्हणजे कफ. ग्रेनेडियरचा कफ लाल, सरळ कापाचा, त्यावर तीन टोकांची पांढरी पट्टी बटणांनी बसवलेली. शासरचा कफही लालच, पण वर टोकदार आणि कडेने पांढरी मगजी. लॅपेलचंही तसंच: ग्रेनेडियरचे खाली चौकोनी संपतात, शासरचे टोकात. पुतळ्याच्या मनगटाकडे बघितलंत तरी शिपाई कुठला ते कळतं. बाजारात काही साच्यांवर हा तपशील अस्पष्ट उतरलेला असतो. तेव्हा प्रायमर (रंगाखालचा पहिला थर) मारण्याआधी बारीक सुरीने कफची कड कोरून घ्या, नंतर रंगाने हा आकार येत नाही.

मोहिमेवर असाल तर बरंच झाकलं जातं. तुरा आणि पांढऱ्या दोऱ्या काढून ठेवलेल्या, अंगावर गडद निळा दोन रांगी बटणांचा ओव्हरकोट, पायात पांढऱ्याऐवजी काळे गेटर (बुटावरून पायावर चढवायचं कापडी आवरण) किंवा वरून सैल निळी पँट. एपोलेट मात्र ओव्हरकोटवरही राहतात, म्हणून अशा वेळी पितळी पत्रा आणि खांदे एवढ्यावरच ओळख ठरते. मला स्वतःला हाच वेष रंगवायला जास्त आवडतो. त्यात ओली माती, विटलेली बाही, पाठीवरच्या पिशवीचं ओझं दाखवता येतं, आणि ही माणसं खरंच चालत मॉस्कोपर्यंत गेली होती हे पटतं.

वॉटर्लू करणाऱ्यांना एक कळकळीची विनंती. १८ जून १८१५ च्या संध्याकाळी चाल करून गेलेल्या बटालियन मुख्यतः ग्रेनेडियर आणि शासरच्या ३ऱ्या आणि ४थ्या रेजिमेंटच्या होत्या, आणि त्या घाईघाईत पुन्हा उभ्या केलेल्या. सगळ्यांना अस्वली टोप्या पुरल्याच नव्हत्या. रांगेत काही शाको (ताठ, उभट टोप्या), काही दुटोकी हॅट टाका. चकचकीत परेडचा वेष तिथे शोभत नाही.

आता रंग. निळा जवळजवळ काळ्याकडे झुकणारा घ्या. आकाशी छटेचा चमकदार निळा मारला की शिपाई खेळण्यातला दिसतो. हा रंग निळीचा होता, आणि समुद्री नाकेबंदीमुळे निळीची इतकी टंचाई झाली की १८०६ मध्ये साध्या पायदळाला पांढरे कोट द्यायचं ठरलं होतं. ते पुढच्याच वर्षी सोडून दिलं. गार्ड निळ्यातच राहिली. गडद निळ्याच्या बेसवर थोडा राखी मिसळून कडांवर हायलाइट (उजळ रेघा) द्या, पांढरा मिसळू नका, कापड खडूसारखं दिसायला लागतं.

पांढरा हा खरा कस लावणारा रंग आहे, कारण एका शिपायावर तीन वेगळे पांढरे आहेत. छातीवरचे आडवे पट्टे चामड्याचे, पांढऱ्या मातीने घासून चढवलेले, म्हणून ते कोरडे, सपाट, सगळ्यात शुभ्र. लॅपेल लोकरीच्या कापडाचे, थोडे मऊ, राखी बेसवरून वर आणलेले. ब्रीचेस किंचित पिवळसर बेसवरून. हा फरक केलात की शिपाई हातात धरल्यावर कापड आणि चामडं वेगळं ओळखू येतं. गार्डच्या पट्ट्यांना दोन्ही कडांनी टीप मारलेली असायची. २८ मिलिमीटरवर ती दिसणार नाही, ५४ मिलिमीटरच्या पुतळ्यावर अगदी बारीक राखी रेघ ओढा.

टोपीच्या फरला शुद्ध काळा नको. काळ्यात थोडा गडद तपकिरी, मग वरून खाली लहान रेघांनी राखट तपकिरी, आणि तेही फक्त माथ्याच्या बाजूला. मागे लाल कापडाचा गोल तुकडा असतो: ग्रेनेडियरचा आधी पांढऱ्या क्रॉसचा, पुढच्या वर्षांत ग्रेनेडच्या (जळत्या हातगोळ्याच्या) खुणेचा. १८०५ करत असाल तर क्रॉस. कोटाच्या उलटवलेल्या टोकांवर ग्रेनेडियरला पिवळसर नारिंगी ग्रेनेड आणि शासरला ग्रेनेडसोबत शिकारीचं शिंग येतं. लहान पुतळ्यावर नारिंगी ठिपका पुरतो.

बंदुकीकडे दुर्लक्ष करू नका. गार्डच्या बंदुकीच्या कड्या पितळी, साध्या पायदळाच्या लोखंडी. डाव्या दंडावरचे व्ही आकाराचे पट्टे नोकरीची वर्षं दाखवतात: एक म्हणजे १० वर्षं, दोन म्हणजे १५, तीन म्हणजे २०. ओल्ड गार्डमध्ये ते जागोजाग हवेत, आणि सगळ्यांना सारखे नकोत.

रंगाची आवड असेल तर पुढे डच ग्रेनेडियर करा. १८१० मध्ये हॉलंड साम्राज्यात विलीन झाल्यावर त्यांची तुकडी गार्डमध्ये आली: पांढरा कोट, किरमिजी लॅपेल आणि कफ, पत्रा नसलेली अस्वली टोपी. रशियातून त्यातले फार थोडे परतले. घोडदळ हा वेगळाच विषय आहे. पोलिश भालेदार निळ्या आणि किरमिजी रंगात, डच भालेदार लाल कोटात निळ्या लॅपेलसह, सम्राज्ञीचे ड्रॅगन हिरव्या कोटात पितळी शिरस्त्राणासह. स्टँडवर नेपोलियन ठेवणार असाल तर त्याला रोजच्या वेषात घोडदळ शासरचा हिरवा कोट द्या आणि समारंभाच्या वेषात ग्रेनेडियरचा निळा. दोन्ही आपल्याच गार्डच्या कर्नलचे वेष.

झेंडा शेवटी करा, आणि तोही सालानुसार. १८१२ पर्यंत मधे पत्त्यातल्या चौकटसारखा पांढरा आकार आणि कोपऱ्यांत लाल व निळे त्रिकोण. त्यानंतर काठीकडून निळा, पांढरा, लाल असे उभे पट्टे. काठीच्या टोकाला सोनेरी गरुड दोन्हींत आहेच. सगळं वाळलं की मॅट वार्निश मारा, आणि मग फक्त टोपीचा पत्रा, बटणं आणि काडतुसाच्या पेटीवरचा गरुड यांवर चमकदार वार्निशचा ठिपका ठेवा. पेटीचं काळं चामडं मात्र अर्धवट चकाकीचं राहू द्या, ते घासून ठेवायचा शिपायांचा नेम असायचा.