फिलिपिन्सची सवाली : बांबूची तट्टी विणून भिंतीला कशी बसवावी

फिलिपिन्समधील ‘बाहाय कुबो’ हे खांबांवर उंच उभारलेले पारंपरिक घर असते. त्यावर निपा ताडाच्या पानांचे किंवा कोगोन गवताचे छप्पर असते आणि भिंतींना अनेकदा सवाली लावलेली असते. सवाली म्हणजे चिरलेल्या बांबूच्या पट्ट्यांची विणलेली तट्टी. विसाया बेटांवर तिला अमाकान म्हणतात. तिथली झोपण्याची चटई, म्हणजे बानिग, पांडान, बुरी किंवा टिकोग या वनस्पतींची असते; तिची आणि सवालीची गल्लत करू नये. आपल्याकडे बुरूड विणतात तो तट्टा ज्यांनी पाहिला आहे, त्यांना सवाली ओळखीची वाटेल. ती बसवताना एवढे पक्के लक्षात ठेवावे की घराचा भार खांब आणि वासे पेलतात, तट्टी केवळ आडोसा करते. म्हणून तिच्यावर भार टाकू नये आणि तिला ओलाव्यात उभी करू नये.

पहिले काम बांबू निवडण्याचे. सवालीसाठी तिथे प्रामुख्याने ‘बुहो’ हा पातळ भिंतीचा, लांब पेरांचा बांबू वापरतात आणि चौकटीसाठी ‘कावायान तिनिक’ हा जाड, काटेरी बांबू. कोकणातला माणगा जवळजवळ भरीव असल्याने खांबांना उत्तम, पण अशा विणकामाला गैरसोयीचा आहे. अगदी कोवळा बांबू घेऊ नये, कारण तो वाळताना फार आकसतो. तोड कोरड्या हंगामात करावी; त्या वेळी बांबूत पिष्ट आणि साखर तुलनेने कमी असते आणि तिथे ‘बुकबोक’ म्हणतात तो, लाकडाचे पीठ करणारा भुंगेरा, त्याच अन्नावर जगतो.

बांबू उभा चिरून आतले पडदे काढावेत, गाठींचे उंचवटे बाहेरून तासावेत आणि २ ते ३ सेंटिमीटर रुंदीच्या सारख्या जाडीच्या पट्ट्या कराव्यात. बाहेरची गुळगुळीत साल आणि आतला फिकट थर वेगळा करून एका दिशेला साल, दुसऱ्या दिशेला आतला थर घेतला, तर रंगांच्या फरकानेच नक्षी उमटते. मात्र हवा-पावसाच्या बाजूच्या भिंतीसाठी सालीच्याच पट्ट्या वापराव्यात, कारण आतल्या थराला कीड आणि ओलावा लवकर बाधतो.

विणण्याआधी पट्ट्यांवर प्रक्रिया करावी. जुन्या पद्धतीत बांबू काही आठवडे पाण्यात बुडवून ठेवतात, त्यामुळे त्यातली साखर निघून जाते. आजची सोपी पद्धत म्हणजे १०० लिटर पाण्यात ३ किलो बोरॅक्स आणि २ किलो बोरिक आम्ल विरघळवून त्यात पट्ट्या मुरवणे. हातमोजे घालावेत आणि उरलेले पाणी विहिरीत किंवा तळ्यात सोडू नये. हे क्षार लाकडात घट्ट बसत नाहीत, पावसाने धुऊन जातात. तेव्हा प्रक्रिया केली म्हणून रुंद वळचणीची गरज संपत नाही.

आता विणकाम. सपाट जागेवर उभ्या पट्ट्या शेजारी शेजारी मांडाव्यात. बांबू शेंड्याकडे निमुळता होत असल्याने एका पट्टीचा बुंधा वर आणि पुढचीचा खाली ठेवावा, नाहीतर तट्टी तिरकी होते. पहिली आडवी पट्टी दोन पट्ट्यांवरून आणि दोनखालून न्यावी. दुसऱ्या ओळीत हीच चाल एका पट्टीने सरकवावी आणि पुढेही तशीच सरकवत जावी, म्हणजे तिरप्या रेषा दिसू लागतात. दर चार-पाच ओळींनी लाकडी फळीने ठोकून वीण घट्ट करावी. पट्ट्या वाळताना आकसतात, त्यामुळे एक-दोन दिवसांनी वीण पुन्हा आवळावी आणि मगच कडा बंद करावी. बाजारात ४ फूट रुंद, ८ फूट लांब तयार तट्ट्याही मिळतात.

बसवताना सर्वांत जास्त काळजी कडेची घ्यावी. तट्टी कापायची असेल, तर कापण्याच्या रेषेच्या दोन्ही बाजूंनी आधी पातळ पट्ट्या बांधाव्यात, नाहीतर वीण उसवत जाते. उभ्या वाशांमधले अंतर साधारण ६० सेंटिमीटर ठेवावे. कडेत थेट खिळा मारल्यास बांबू चिरतो. त्याऐवजी तट्टी वासा आणि वरची लाकडी पट्टी यांच्यात चिमटून पट्टीवर खिळे ठोकावेत किंवा जुन्या रीतीप्रमाणे वेताने बांधावी. दोन तट्ट्यांचे जोड वाशावरच यावेत. खालची कड जमिनीपासून किमान ३० सेंटिमीटर वर राहावी. विणीतून वारा खेळतो, म्हणून फिलिपिन्सच्या दमट हवेत ही भिंत सुखद ठरते. पत्र्याच्या छपराखाली सवालीचे छत लावल्यास खोलीत उतरणारी धगही कमी होते. चुलीजवळ मात्र ती लावू नये.

गिलावा करायचा असल्यास तट्टीवर आधी तारेची जाळी ठोकावी, कारण गुळगुळीत साल गिलावा धरत नाही.

भिंतीचा खालचा भाग पावसाच्या शिंतोड्यांनी सर्वांत आधी कुजतो. म्हणून कमरेच्या उंचीवर एक आडवा जोड आधीच ठेवावा. खराबी आली की वरची तट्टी जागीच ठेवून खालच्या लाकडी पट्ट्या सोडवता येतात आणि तेवढाच तुकडा बदलता येतो.