लीना मेरुआने वाचायचीय? मग या क्रमाने वाचा

मला अधूनमधून कोणीतरी विचारतं की मार्केझ-बोर्खेस झाले वाचून, आता स्पॅनिशमधलं आत्ताचं, एखाद्या बाईने लिहिलेलं सांग. मी दरवेळी लीना मेरुआनेचं नाव सांगते आणि समोरचा नेमकं चुकीचं पुस्तक उचलतो. त्याला तरी काय बोलणार, मी पण तेच केलं होतं. तिचं समीक्षेचं पुस्तक आधी हातात आलं, चाळीस पानं कशीबशी रेटली आणि जे ठेवून दिलं ते वर्षभर उघडलं नाही. म्हणून एकदाच नीट क्रम लावून देते.

ओळख थोडक्यात. जन्म सांतियागो, चिली, १९७०. न्यूयॉर्क युनिव्हर्सिटीत डॉक्टरेट, नंतर तिथेच शिकवायला. आजोबांकडचं घराणं पॅलेस्टाईनमधल्या बेत जाला गावचं. बास, यापेक्षा जास्त गूगल करू नका, कारण खाली सांगते.

सुरुवात 'सांग्रे एन एल ओखो' (२०१२) पासूनच करा. इंग्रजीत 'सीइंग रेड' नावाने आहे, अनुवाद मेगन मॅकडॉवेलचा आणि झकास आहे. शब्दशः नाव 'डोळ्यात रक्त', पण चिलीत डोळ्यात रक्त असणं म्हणजे डूख धरून असणं. आपल्याकडे पण रागाने डोळ्यांत रक्त उतरतंच की, त्यामुळे हे नाव मराठी माणसाला इंग्रजीवाल्यापेक्षा लवकर कळतं असं माझं मत. पुस्तकभर हे दोन्ही अर्थ चालू राहतात, आजार पण आणि डूख पण. न्यूयॉर्कमध्ये पार्टी चालूय, बाईला डायबेटिस आहे, इन्सुलिनची वेळ झालीय, ती वाकते आणि डोळ्याच्या आत रक्तवाहिनी फुटते. दुखत वगैरे काही नाही, नुसतं रक्त पसरत जातं आणि दिसणं बंद होतं. पहिल्या दोन-तीन पानांतच हे सगळं होऊन जातं.

आता वाचायचं कसं. छोटे छोटे तुकडे आहेत, प्रत्येकाला नाव, आत पॅराग्राफ पाडलेलेच नाहीत. एका बैठकीत चार-पाच तुकडे, जास्त नको, आणि शक्यतो मोठ्याने. कारण ती वाक्य मध्येच तोडते. म्हणजे समजा आपण लिहिलं 'मी हात पुढे केला पण.' आणि तिथेच पूर्णविराम, पुढे काही नाहीच! पहिल्यांदा मला वाटलं छपाईची चूक आहे. मोठ्याने वाचताना मात्र तुम्ही त्या 'पण'वर अडखळता, अंधारात पायरी आहे समजून पाय टाकावा आणि नसावी तसं, आणि मग कळतं की न दिसणाऱ्या बाईची चाल तिने वाक्यालाच दिलीय.

गूगल करू नका म्हटलं ते यासाठी की नायिकेचं लिहिण्याचं नाव पण लीना मेरुआनेच आहे. लेखिकेला स्वतःला डोळ्यांचा त्रास होऊन गेलाय, पण हे आत्मचरित्र समजून 'अगं बिचारी' करत वाचलंत तर फसाल. ही बाई बिचारी नाहीये. इग्नासिओ नावाचा जो प्रियकर तिची सगळी सेवा करतोय त्याच्याकडे ती ज्या नजरेने, म्हणजे नसलेल्या नजरेने, बघायला लागते ते भयंकर आहे. शेवट सांगत नाही.

मग 'सिस्तेमा नेर्विओसो' (२०१८), इंग्रजीत 'नर्व्हस सिस्टीम'. इथे माणसांना नावंच नाहीत, 'ती', 'तो', 'बाबा' एवढंच. ती खगोलशास्त्रात पीएचडी करतेय, प्रबंध पुढे सरकत नाही, वैतागून मनात म्हणते की जरा आजारी पडले तर सुट्टी तरी मिळेल, आणि खरंच पडते. पीएचडीवाल्यांनी आपल्या जबाबदारीवर वाचावं.

स्पॅनिश येत असेल तर मध्ये 'फ्रूता पोद्रीदा' घ्या, सडलेलं फळ. दोन बहिणी, एक्सपोर्टची फळबाग, मोठी फवारणीच्या औषधांतली एक्सपर्ट, धाकटी डायबेटिक आणि उपचार नाकारणारी. ज्यांच्या घरी द्राक्षबाग आहे त्यांना यातलं बरंच काही सांगावं लागणार नाही. 'कोंत्रा लोस इखोस' हा मुलं होऊ देण्याविरुद्धचा चिडका, मजेदार निबंध कधीही वाचा, फक्त लग्नाच्या सीझनमध्ये नातेवाईकांसमोर उघडू नका. 'वोल्वेर्से पालेस्तीना' मात्र शांतपणे वाचा, आजोबांच्या गावी जाऊन येण्याचं पुस्तक आहे ते. चिलीत पॅलेस्टिनी वंशाचे लोक इतके आहेत की सांतियागोत 'पालेस्तीनो' नावाचा फुटबॉल क्लब १९२० पासून आहे, हे माहीत असलं की पुस्तक जास्त जवळचं वाटतं.

आता समीक्षा. 'वियाखेस विरालेस', लॅटिन अमेरिकन साहित्यात एड्स कसा आला त्यावर. हेच माझं चाळीस पानांत अडकलेलं पुस्तक. दुसऱ्यांदा मी आधी एड्सबद्दल लिहिणारे दोन लेखक, चिलीचा पेद्रो लेमेबेल आणि क्यूबाचा रेइनाल्दो अरेनास, थोडे थोडे वाचले, मगच हे उघडलं, आणि सरळ वाचत सुटले. कादंबरीत जो प्रश्न तिने एका शरीराला विचारला तोच इथे अख्ख्या पिढीच्या पुस्तकांना विचारते, की आजारी माणसाबद्दल बोलण्याची भाषा ठरवतं कोण.

शेवटी 'सोना सिएगा' (२०२१). ऑक्टोबर २०१९ मध्ये सांतियागोत मेट्रोचं तिकीट तीस पेसोंनी वाढलं, लोक रस्त्यावर आले, आणि पुढच्या काही महिन्यांत पोलिसांच्या छर्ऱ्यांनी, अश्रुधुराच्या नळकांड्यांनी चारशेहून जास्त लोकांच्या डोळ्यांना इजा झाली, काहींची दृष्टी कायमची गेली. मेरुआनेने तोवर डोळ्यावर कादंबरी लिहून सात वर्षं झाली होती. या निबंधात ती त्या डोळ्यांबद्दल लिहिते, दृष्टी गेलेल्या लेखकांबद्दलही लिहिते. हे संपलं की पुस्तक मिटून लगेच 'सीइंग रेड'चं पहिलं पान परत काढा, पार्टीचं.