लिम्बोत पार्टी नेताय? या चुका टाळा

डन्जन्स अँड ड्रॅगन्स या फासे टाकून, पात्रं रंगवत खेळायच्या खेळातलं लिम्बो हे प्लेन, म्हणजे एक वेगळं जग, अनागोंदीचं माहेरघर आहे. आत्ता जिथे हवा आहे तिथे क्षणात आग, आगीच्या जागी चिखल, चिखलाच्या जागी दगड. नव्या डीएमला (डन्जन मास्टर, म्हणजे खेळ चालवणारा) ही जागा फार आवडते आणि बहुतेक जण ती त्याच त्या चुकांनी वाया घालवतात. इंदूरच्या टेबलांवर मी हे सतत पाहतोय. खाली जे लिहिलंय ते २०१४च्या पाचव्या आवृत्तीच्या नियमांना धरून आहे.

तक्त्यावर लिम्बो चालवणं

नवा डीएम काय करतो? शंभर ओळींचा रँडम तक्ता बनवतो आणि दर टर्नला फासा टाकतो. आता पाऊस, आता लाव्हा, आता बर्फ. पहिली पंधरा मिनिटं मजा येते. मग खेळाडूंच्या लक्षात येतं की आपण काहीही केलं तरी तक्ता म्हणेल तेच होणार, आणि एकेकाच्या हातात मोबाइल दिसायला लागतो.

लिम्बो मनाचं ऐकतं. त्या जागेचा जीव तिथेच आहे. रंगपंचमीच्या गेरमध्ये (रंगांच्या मिरवणुकीत) रंग कुठून अंगावर येईल सांगता येत नाही, पण गेर राजवाड्याकडे येणार हे अख्ख्या इंदूरला ठाऊक असतं. लिम्बोचा गोंधळही तसाच, आत कायदा असलेला. तिथे कुणीही एक ॲक्शन (टर्नमधली मुख्य कृती) खर्चून इंटेलिजन्स चेक (बुद्धीच्या जोरावर फासा टाकून चाचणी) करू शकतो: ३० फुटांच्या आतली वस्तू नुसत्या विचाराने हलवायला, कुणाच्या अंगावर किंवा हातात नसलेल्या साध्या वस्तूचं रूप पालटायला, किंवा आपल्याभोवतीची गोलाकार जागा स्थिर करायला. जागा १० फूट त्रिज्येची असेल तर डीसी (फाशाने गाठायचा आकडा) ५, आणि पुढच्या प्रत्येक १० फुटांना आणखी ५. जमलं तर ती जागा २४ तास शाबूत.

माझी सवय अशी की तक्ता घरीच ठेवतो आणि दर टर्नला खेळाडूलाच विचारतो, "आत्ता तुझ्या मनात काय चाललंय?" घाबरलेल्याच्या आसपास काय उसळेल ते त्याच्या उत्तरातून येतं. पुस्तकात असं लिहिलेलं नाही, पण ज्या टेबलावर हे केलंय तिथे मोबाइल खिशातच राहिलेत.

हावरटपणा

स्थिर जागा २४ तास टिकते, *किंवा त्याच माणसाने ही शक्ती पुन्हा वापरेपर्यंत*. या वाक्याचा दुसरा अर्धा भाग कुणी वाचत नाही.

आमच्या एका टेबलावर पाच जणांची पार्टी (खेळाडूंच्या पात्रांचा गट) तरंगत्या खडकावर मुक्कामाला होती. विझार्डने (पार्टीतल्या जादूगाराने) २० फुटांची जागा नीट स्थिर केली होती. इंटेलिजन्सचा मॉडिफायर (फाशात मिळवायचा आकडा) +५, डीसी १०, म्हणजे फाशावर ५ आला तरी काम होतं. सगळे आरामात होते. पोह्यांच्या बश्या रिकाम्या झाल्या, चहाचा दुसरा घोट झाला आणि विझार्ड खेळणारा मुलगा म्हणाला, "दादा, चाळीस फूट करतो, सगळ्यांना ऐसपैस होईल." मी विचारलं, "नक्की?" त्याने नियम न बघताच फासा टाकला. स्टीलच्या ताटात फासा गरगरला आणि ९ वर थांबला. एकूण १४, हवे होते २०. नवी जागा मिळाली नाही आणि जुनी त्याच क्षणी गेली, कारण शक्ती पुन्हा *वापरली* होती. खडक आधी पाणी झाला, मग आग. झोपलेला क्लेरिक (पार्टीतला पुजारी, जखमा बऱ्या करणारा) भाजला आणि उजेड बघून दोन लाल स्लाड (लिम्बोतले बेडकासारखे राक्षस) आले. त्या रात्री दोन कॅरेक्टर गेली.

तो मुलगा नंतर माझ्यावर चिडला. मला वाईट वाटलं, पण निकाल मी बदलला नाही. ज्याला हातातलं सांभाळता येत नाही आणि पुढचं लगेच हवं असतं, त्याला लिम्बोत सूट दिली तर ती जागा धोक्याची राहतच नाही. जागा वाढवायचीच असेल तर *दुसऱ्याने* वेगळी जागा स्थिर करावी. इंटेलिजन्सचा मॉडिफायर −१ असलेला दांडगा लढवय्या बार्बेरियनसुद्धा १० फूट चारातल्या तीन वेळा जमवतो. पण नाही, सगळं विझार्डवर टाकून बाकीचे हातावर हात धरून बसतात.

बाकीच्या

झोप लागली की स्थिर जागा मोडते असं परस्पर ठरवू नका. नियमात तसं नाही.

उडायची जादू खर्च करू नका. लिम्बोत गुरुत्वाकर्षण नाही. दिशा मनात आणली की चालण्याच्या वेगाने तिकडे जाता येतं.

इंटेलिजन्सच्या जागी विझडमचा चेक घेणं ही तर निव्वळ घाई. पान उघडून बघा.

गिथझेराय ही लिम्बोतली माणसासारखी जमात गोंधळात राहते म्हणून त्यांना वेडगळ दाखवू नका. ते कमालीचे शिस्तीचे आहेत, मनाच्या ताकदीवर त्यांनी त्या खळबळीत मठ उभे केलेत. त्यांच्या मठात शिरताच टेबलावरचा आवाज खाली आला पाहिजे. मी तिथे फासे बाजूला ठेवून हळू बोलतो.

आणि लाल स्लाडचा पंजा. तो लागून सेव्ह (बचावाचा फासा) फसला तर ह्युमनॉइडच्या (माणसासारख्या जीवाच्या) अंगात अंडं जातं, तीन महिने वाढतं आणि शेवटी पिल्लू छाती फोडून बाहेर येतं, यजमान मरतो. डीएम हे हमखास विसरतात, कारण तोवर पार्टी लिम्बोतून निघून भलत्याच गावी पोचलेली असते. मी पंजा लागला त्याच दिवशी वहीत कॅम्पेनची तारीख लिहितो आणि त्याच्या तीन महिने पुढच्या पानावर कॅरेक्टरचं नाव. रोग बरा करणाऱ्या कुठल्याही जादूने अंडं नष्ट होतं, लेसर रिस्टोरेशनही चालतं; तेव्हा ते तयार ठेवलंय का, हे क्लेरिकला लिम्बोत शिरण्याआधी विचारा.