ओपल कोरायचा तर आधी रंगाचा थर शोधा

ओपल या रत्नात रंग बहुधा पातळ थरातच असतो, आणि हा थर क्वचितच सरळ जातो. ऑस्ट्रेलियात क्वीन्सलंडला मिळणाऱ्या बोल्डर ओपलमध्ये तर तो तपकिरी लोहदगडाच्या भेगांमधून वाट काढत जातो. असा दगड नेहमीच्या घुमटाकारात घासला, तर निम्मा रंग पाण्याबरोबर वाहून जातो. कोरीवकामात थराचे चढउतार तसेच राखता येतात.

हात बसेपर्यंत पॉच घ्या, म्हणजे रंग न खेळणारा साधा ओपल. तो स्वस्त असतो. इथिओपियाचा वेलो ओपल सुरुवातीला नकोच. तो पाणी पितो, काम करता करता पारदर्शक होतो आणि रंग दिसेनासा होतो.

दगड ओला करून बल्बखाली फिरवा. वरून पाहून भुलू नका, कडेने पाहा. थर कुठे जाड आहे, कुठे वाळूचा कण अडकलाय, भेग कुठवर गेलीय, हे कडेलाच कळतं. मग पेन्सिलीने खुणा करा. आकार आधी ठरवून दगडावर लादला की काम फसतं. पान, लाट, नुसता वाहता आकार, जे थराला मानवेल ते घ्या.

आता दगड लाकडी काडीच्या टोकाला सुपरग्लूने चिकटवा आणि फ्लेक्स शाफ्टला, म्हणजे मोटरला जोडलेल्या लवचीक दांड्याच्या हत्याराला, डायमंड बर (हिऱ्याचे कण बसवलेलं छोटं फिरतं टोक) लावा. मोटर पाण्यापासून लांब, वर टांगलेली हवी. बरवर थेंब थेंब पाणी सतत पडू द्या. ओपलमध्ये स्वतःचं पाणी असतं, अनेकदा ३ ते १० टक्के, त्यामुळे तापला की तो तडकतो. शिवाय त्याची धूळ म्हणजे सिलिका, फुप्फुसांना घातक. ओलं काम असलं तरी एन-९५ मास्क आणि चष्मा लावाच.

आधी थरावरचा पॉच किंवा दगड काढा. ओपलचा कडकपणा मोह्ज मापाने ५.५ ते ६.५, त्यामुळे डायमंड बर त्यात भराभर घुसतो. हात हलका ठेवा आणि दर काही सेकंदांनी थांबून पुसून पाहा. रंग उजळला की तिथेच थांबा. ‘अजून थोडं’ म्हणत घासलं की खालचा करडा पॉच वर येतो, आणि गेलेला रंग परत आणता येत नाही.

पुढे ६००, १२००, ३००० अशा चढत्या ग्रिटने (घासणाऱ्या कणांचं माप; आकडा मोठा तसा कण बारीक) ओरखडे घालवा. ग्रिट बदलताना दगड, हात आणि भांडं धुवा. जाड कण एक जरी राहिला तरी पॉलिशमध्ये रेघ उमटते. खोबणींसाठी दुसऱ्या एका लाकडी काडीला टोक काढून तिला डायमंड पेस्ट लावा. शेवटी फेल्टच्या (दाबलेल्या लोकरीच्या) चाकावर ओला सिरियम ऑक्साइड, म्हणजे पॉलिशची पूड, कमी वेगाने.

काडी सुटावी म्हणून दगड ॲसिटोनमध्ये ठेवा, ओढू नका. पण तुकडे चिकटवून केलेला डब्लेट असेल तर ॲसिटोन टाळा, त्याचा स्वतःचाच जोड सुटेल.